सुईच्या दिवसांतला उजेड

छातीच्या दवाखान्यात डॉक्टर रोज सकाळी एक प्रश्न विचारतात. कानात शिट्टी वाजते का? ऐकू कमी येतं का? तुम्ही सध्या स्ट्रेप्टोमायसिनच्या सुईवर असाल तर तुम्हालाही विचारत असतील. मला सांगायचं ते एवढंच, की त्या प्रश्नाला खरं उत्तर द्या. दूध प्या, चिंता करू नका, उघड्यावर थुंकू नका, हे सांगायला तिथं भिंतीवर पाट्या आहेत.

मी खोटं उत्तर दिलं. एकदा नाही, रोज दिलं, आणि तेही हसून. का दिलं आणि त्या दिवसांत मला काय काय दिसलं, ते सांगतो. चार ओळी लिहिल्या की मला अजून दम लागतो. मग पेन्सिल ठेवतो आणि पडून राहतो. त्यामुळे हे तुकड्यातुकड्यांत आलं आहे, आणि ते नीट जोडत बसायचं त्राण नाही.

*

मी चिंचवड स्टेशनवर सांधेवाला होतो. गाडी कुठल्या रुळावर घ्यायची ते स्टेशनमास्तर सांगतात, आणि सांधेवाला दांडा ओढून सांधा फिरवतो. शिवाय दिवस मावळायच्या आत सिग्नलच्या बत्त्या पुसून, रॉकेल भरून वर चढवायच्या, हेही काम माझ्याकडेच होतं.

या कामात एक रीत आहे. मास्तरांनी हुकूम दिला की तो शब्दाला शब्द परत म्हणायचा. "दोन नंबर, मालगाडी." "दोन नंबर, मालगाडी." मग मास्तर "बरोबर" म्हणणार, तेव्हा कुठं दांड्याला हात लावायचा. नुसती मान डोलावली तर आमचे मास्तर अंगावर यायचे. मान डोलावणाऱ्याला काय कळलं आणि काय नाही, हे कुणालाच कळत नाही, असं त्यांचं म्हणणं. एवढ्यावरून गाड्या एकमेकींवर येतात.

ही सवय मी घरीही नेली होती. गोदा, म्हणजे माझी बायको, बाजाराला निघाली की मी तिला सामान परत म्हणायला लावी. ती करवादायची. "मी काय मालगाडी हाय व्हय?" म्हणायची. पण परत म्हणायची.

*

त्या दिवशी शिडीवर चढून बत्ती उतरवत होतो. सिग्नलची हिरवी काच खरं तर हिरवी नसते, निळसर असते. मागं रॉकेलची पिवळी ज्योत लागली की लांबून ती हिरवी दिसते. तर त्या निळ्या काचेपाशी तोंड असताना खोकला आला, आणि काचेवर लाल थेंब उडाले. मी काय केलं असेल? खिशातलं फडकं काढलं आणि काच पुसली. काच स्वच्छ पाहिजे हे डोक्यात इतकं बसलेलं, की ते माझं रक्त आहे हे खाली उतरल्यावर लक्षात आलं.

मग रेल्वेचे डॉक्टर, मग पुण्याला छातीचा फोटो. डॉक्टरांनी फोटो खिडकीच्या उजेडाला धरला आणि म्हणाले, "शिंदे, डाव्या बाजूला डाग आहे." त्यांनी रोगाचं नाव घेतलं नाही. मीही विचारलं नाही. बाहेर कडुनिंबाखाली गोदा आमच्या कुसुमला मांडीवर घेऊन बसली होती. कुसुम तेव्हा सहा वर्षांची. मी म्हटलं, डाग आहे. गोदा म्हणाली, "डाग म्हंजी? क्षय का?"

तिनं तो शब्द इतका सरळ उच्चारला की मला तिचा रागच आला. घरी जाताना ती माझ्यापासून चार हात लांबून चालत होती, त्याचाही राग आला. कासारवाडीच्या आमच्या रेल्वेच्या खोलीपाशी पोचल्यावर माझ्या लक्षात आलं, की कुसुम सारखी माझ्याकडं धावायला बघत होती आणि गोदा वाटभर तिला मनगटाला धरून पलीकडं ठेवत होती. मुलीचं मनगट लाल झालं होतं.

*

वॉर्डात वीस खाटा. सकाळी थर्मामीटर, दूध, मग सुई. सुई एक दिवस डावीकडे, एक दिवस उजवीकडे. पुढंपुढं दोन्ही बाजू सारख्याच ठणकू लागल्या आणि कुठं टोचलं याला अर्थ उरला नाही. दुपारी दोन तास सक्तीची विश्रांती, तेव्हा बोलायचं नाही, वाचायचं नाही. संध्याकाळी पुन्हा थर्मामीटर. धडधाकट माणसाला वाटेल, नुसतं पडून राहायचं, त्यात दमायचं काय? मी दिवसभर सांधे ओढूनही कधी असा दमलो नव्हतो. उशी उलटी करायची म्हटली तरी आधी मनाची तयारी करावी लागे.

शेजारच्या खाटेवर हमीदभाई होते. चिंचवडगावात त्यांचं सायकल दुरुस्तीचं दुकान. ते माझ्या आधी आठ महिने आलेले, म्हणून वॉर्डात जुने. खाटेच्या दांडीला त्यांनी सायकलची घंटी बसवली होती. धाप लागली की हाक मारण्याऐवजी ती वाजवायचे. पहिल्याच दिवशी त्यांनी मला वॉर्डाचा कायदा शिकवला.

"राव, सुई चालू तो आदमी चालू. ज्याची सुई बंद झाली ना, त्याची खाट आठ दिवसांत खाली झाली. मैंने देखा है."

हे काही खरं नव्हतं. पण सगळा वॉर्ड तेच मानत होता, आणि महिन्याभरात मीही मानू लागलो.

भेटायला येणाऱ्यांना बुधवार आणि रविवार. बायकांनी नाकातोंडावर पदर घ्यायचा, पुरुषांनी रुमाल बांधायचा, आणि खाटेपासून लांब, पायथ्याशी बसायचं. गोदानं तेव्हा पिंपरीच्या नव्या औषध कारखान्यात बाटल्या धुण्याचं काम धरलं होतं. बुधवारी ती तिकडूनच परस्पर यायची, हाताची बोटं पाण्यानं सुरकुतलेली. काय काय सांगायची. मी ऐकायचो. तेव्हा ऐकू येत होतं.

*

पाचव्या की सहाव्या आठवड्यात कानात शिट्टी सुरू झाली. इंजिनाची लांबून यावी तशी, पण न थांबणारी. मग एक दिवस हमीदभाईंचा अंगठा घंटीवर फिरताना दिसला, आणि घंटी वाजलीच नाही. सिस्टर मात्र धावत आली. म्हणजे घंटी वाजली होती.

मी भिंतीकडे तोंड केलं. बहिरा सांधेवाला रेल्वे ठेवत नाही. क्षयातून उठलेल्याला हलकं काम देतात, बहिऱ्याला घरी बसवतात, आणि घरी बसवलं की खोलीही सोडायला लावतात. हे एक. आणि कान त्या सुईनंच जातात, म्हणून सांगितलं तर डॉक्टर सुई बंद करतील, हे दुसरं. सुई बंद म्हणजे काय, ते हमीदभाईंनी सांगितलेलंच होतं.

दुसऱ्या दिवशी डॉक्टर आले. "काय शिंदे, कान कसे आहेत?" रोजचाच प्रश्न, त्याला ऐकू यायची गरज नव्हती. मी हसून म्हटलं, "ठणठणीत आहेत साहेब."

आणि त्याच आठवड्यात उजेड दिसायला लागला.

*

सिस्टर पाण्याचा गडू घेऊन समोर उभी होती. "पाणी प्या," म्हणाली. 'पा' म्हणताना तिच्या तोंडापाशी लाल ठिणगी चमकली आणि गेली. 'प्या' म्हणताना पुन्हा. मी मागं वळून पाहिलं, कुठं काच चमकली का. काही नव्हतं. मग दिवसभर मी जो बोलेल त्याच्याकडं बघत राहिलो. प्रत्येकाच्या तोंडातून रंग निघत होते. कुणाला सांगू नये असं वाटत होतं आणि सांगितल्याशिवाय राहवतही नव्हतं. शेवटी हमीदभाईंना सांगितलं.

मला वाटलं, हसतील. ते उठून बसले. "मेरा कौनसा रंग है, राव? बोल ना!"

माझ्याजवळ कुसुमची जुनी, अर्धी कोरी वही होती. हमीदभाई समोर बसून एकेक अक्षर म्हणायचे आणि मी लिहायचो. प, फ, ब, भ, म: लाल, सर्वांत मोठा उजेड, सिग्नलच्या बत्तीएवढा. त, थ, द, ध: हिरवा, बारीक. च, ज: लिंबासारखा पिवळा. ट, ठ, ड: जांभळा, अंधुक. क, ख, ग, घ: विटकरी, जेमतेम दिसेल न दिसेल असा. 'आ' पांढरा. 'ऊ' निळा, वाटोळा. हमीदभाईंनी त्यांच्या भाषेतला घशाच्या तळातून येणारा 'क़' म्हणून दाखवला, तर काहीच दिसलं नाही. मी वहीत लिहिलं, 'सर्वांत खोल अक्षर. याचा उजेड काळा असावा.'

हसू नका. मी सातवी पास आहे आणि माझं सगळं आयुष्य रंगीत काचांत गेलं आहे. मला ते लख्ख पटलं होतं. मी वहीत असं मांडलं: श्वास ही ज्योत आहे. तोंडात प्रत्येक अक्षराची वेगळी काच आहे. माणूस बोलतो तेव्हा आवाज आणि उजेड दोन्ही बाहेर पडतात. कान चांगले असतात तोवर तेच सगळं ओढून घेतात आणि डोळ्याला काही उरत नाही. माझे कान मंदावले तसा तो उजेड मोकळा झाला. घंटीला श्वास नाही, म्हणून घंटीला उजेड नाही. सगळं बरोबर जुळत होतं.

त्यामुळे डॉक्टरांना खोटं सांगतोय असंही पुढंपुढं वाटेना. समोरच्याचं बोलणं मला कळत होतं. कशानं कळतंय, हे कशाला सांगायचं? खरं सांगतो, त्या मरगळलेल्या महिन्यांत तेवढाच एक आनंद होता. अंगात ताप आणि उशाला थुंकदाणी असताना मला असं काही दिसत होतं, जे वॉर्डात कुणालाच दिसत नव्हतं.

*

फक्त गोदाच्या बोलण्याला उजेड नव्हता. पदराआडून एखादी पुसट तांबूस झाक यायची, तीही कधीमधी. याचंही उत्तर माझ्याजवळ तयार होतं. बत्तीच्या काचेवर काजळी धरली की ज्योत कितीही चांगली असो, उजेड बाहेर येत नाही. मग आपण काय करतो? काजळी काढतो.

सिस्टर पलीकडच्या वॉर्डात गेल्याचं बघून मी गोदाला म्हटलं, "जरा पदर खाली घे. अशी जवळ ये."

ती घाबरली. "सिस्टरबाई रागावत्याल."

"ती नाहीये. तू बोललीस की मला उजेड दिसतो. पदरानं दिसत नाही."

तापात बरळतोय असं तिला वाटलं असावं. मी तिला वही दाखवली, तिला वाचता येत नव्हतं तरी. हमीदभाईंनीही साक्ष दिली, "सच बोलता है, भाभी."

"तुमास्नी बरं वाटतंय का त्यानं?"

"वाटतं."

तिनं पदर खाली घेतला, स्टूल उशाशी ओढलं आणि माझ्या तोंडाजवळ तोंड आणून बोलत बसली. कारखान्यातल्या बाया, रेशनच्या दुकानातली रांग, कुसुमचा पडलेला दात. लाल, हिरवा, पांढरा. मी बघत होतो आणि मधूनमधून खोकत होतो. त्यानंतर सिस्टर नसेल तेव्हा ती दर वेळी तशीच बसली. तिनं एकदाही का म्हणून विचारलं नाही.

*

एका बुधवारी सिस्टर हटलीच नाही, दारातच उभी होती. गोदा पायथ्याशी, पदर नाकापर्यंत. ती खूप वेळ बोलत होती, ते तिच्या डोळ्यांवरून समजत होतं. उजेड नावालाही आला नाही. मग ती थांबली आणि माझ्याकडं बघत राहिली. काहीतरी विचारलं होतं. 'परत सांग' म्हणावं तर दारात सिस्टर. मी मान डोलावली. तिनं पुन्हा विचारलं. मी पुन्हा डोलावली. तिचे डोळे भरले. मला वाटलं, माझी हडकलेली मान बघून भरले असतील.

पंधरा दिवसांनी एका रविवारी ती जवळ बसली होती, पदर खाली. मी म्हटलं, "पुढच्या वेळी कुसुमला आण. खिडकीखाली उभी कर. लांबून बघतो."



"कुसुम कुटं हाय हितं? दादाकडं कुरुळीला हाय ना ती. तुमास्नी इचारूनच धाडली की."

"मला? मला कधी विचारलंस?"

"दोनदा इचारलं. शेजारीण तिला दारात उभी करीना, नळावर पानी भरू देईना. मी कामाला ग्येल्यावर पोर दिसभर खोलीच्या पायरीवर एकली बसायची. तुमाला इचारलं, धाडू का? तुमी दोनदा मान हलवली." मग ती जरा मागं सरकली. "तवाच मला कसंतरी झालं व्हतं. तुमी अन् नुसती मान हलवनार?"

ती उठली आणि खाटेच्या डोक्याकडून मागं गेली. मला वाटलं, रडायला गेली असेल. मी समोर बघत राहिलो. समोर हमीदभाई होते. ते माझ्या डोक्यावरून मागं बघत होते. मग त्यांनी माझ्याकडं पाहिलं, आणि त्यांचा चेहरा उतरला. मी वळलो. गोदा भिंतीला टेकून उभी होती आणि बोलत होती, केव्हापासूनची कुणास ठाऊक. मी वळल्यावर उजेड सुरू झाला, आणि शेवटचे शब्द तेवढे दिसले.

"...काय बी ऐकू येत न्हाई."

मी तिचा हात धरला. कुणाला सांगू नकोस म्हटलं. नोकरी जाईल, खोली जाईल, सुई बंद होईल, मी मरेन. तिनं हात सोडवून घेतला, पदर वर ओढला आणि सरळ डॉक्टरांच्या खोलीकडं चालू लागली. मी पाठीमागून तिला जे बोललो ते इथं लिहीत नाही. हमीदभाईंनी ते ऐकलं, त्याची मला आजही लाज वाटते.

*

डॉक्टर दुसऱ्या दिवशी आले ते खाटेवरच बसले. त्यांनी वही मागितली. पहिल्या पानापासून वाचली. हसले नाहीत, हे त्यांचे उपकार. मग हमीदभाईंच्या तोंडासमोर त्यांनी माझा तापाचा तक्ता आडवा धरला आणि अक्षरं म्हणायला सांगितली. हमीदभाईंच्या गळ्याच्या शिरा ताणलेल्या मला दिसत होत्या, इतके ते ओरडत होते. कागदाच्या वरून नाही, खालून नाही, उजेड कुठूनच आला नाही. तक्ता काढला, की आला. पुन्हा धरला, की गेला.

डॉक्टरांनी माझी पेन्सिल घेऊन वहीत लिहिलं: 'तुम्ही ऐकत नव्हता. ओठ वाचत होता.' मग माझ्याच यादीतल्या लाल अक्षरांवर बोट ठेवलं. प, ब, म. ही ओठांवर होतात, स्वच्छ दिसतात. क आणि ग घशात होतात, दिसत नाहीत. म्हणून त्यांचा उजेड अंधुक. सगळं माझ्याच हातानं लिहिलेलं होतं. रंग कुठून येतात, असं मी विचारलं. त्यांनी लिहिलं: 'ते मला माहीत नाही.'

मी ती यादी पुन्हा वाचली. मग एकदम कळलं. पदर उजेड अडवत नव्हता. पदर ओठ झाकत होता. आणि तो पदर मी खाली घ्यायला लावला होता. काजळी म्हणून जी पुसायला निघालो ती काजळी नव्हती, तिला आणि कुसुमला वाचवणारी एवढी एकच गोष्ट होती.

मी डॉक्टरांना सांगितलं. अडखळत, सगळं सांगितलं. ते उठले ते तडक गोदाच्या फोटोची आणि कुसुमला तपासून घ्यायची चिठ्ठी लिहायला गेले.

*

त्या दिवशी सुई बंद झाली. तिच्याऐवजी कडूजहर पुड्या आल्या. रोज सकाळी डोळे उघडले की मी आधी मोजायचो, आठातला कितवा दिवस. पण खरं सांगायचं तर मरणाची भीती त्या आठवड्यात मागं पडली होती. गोदा त्या बुधवारी आली नाही. तिचा फोटो कसा निघाला, कळायला मार्ग नव्हता. मी देवाला म्हटलं, कान दोन्ही घे, डोळेही घे हवं तर. हमीदभाई घंटीला हात न लावता बसून होते. त्यांचेही ओठ हलत होते, पण माझ्याशी नाही. मी नजर खाली केली. ते त्यांचं त्यांचं होतं.

रविवारी ती आली. पदर डोळ्यांपर्यंत गच्च, आणि तीन हातांवर उभी. पुढं येईना. तिच्या हातात डॉक्टरांची चिठ्ठी होती, ती तिनं मला दिसेल अशी उलगडून धरली. 'फोटो साफ. मुलीलाही त्रास नाही. सहा महिन्यांनी पुन्हा फोटो.' तिला वाचता येत नसल्यामुळे चिठ्ठी उलटी धरली होती. मी मान वाकडी करून वाचली आणि मोठ्यानं रडलो. माझं रडणं मला ऐकू आलं नाही, पण सगळा वॉर्ड माझ्याकडं बघत होता.

आठवा दिवस उलटला. नववाही. खाट काही रिकामी झाली नाही. हमीदभाईंनी समोर येऊन, ओठ मोठे करून, मला कळेल असं सावकाश सांगितलं, "राव, माझा कायदा झूठा निघाला."

*

पुढचं फार नाही. पुड्यांनी काम केलं, उशिरा केलं. उजवा कान पूर्ण गेला. डाव्यात दारावर धपका मारला तर कळतं. सांध्याचं काम सुटलं, पण बत्तीच्या खोलीत दिवसपाळीची जागा मिळाली, मास्तरांनी शब्द टाकला म्हणून. आता हुकूम पाटीवर खडूनं लिहून येतो. काचा पुसतो, वाती कापतो. खोली राहिली. हमीदभाई अजून वॉर्डातच आहेत. मी निघताना त्यांनी घंटी काढून माझ्या पिशवीत टाकली. कुसुम ती दारात वाजवते आणि माझा तळहात तिच्यावर दाबून धरते, म्हणजे मला कळते.

कुसुम कुरुळीहून आली तेव्हा दोन बोटं उंच झाली होती आणि मला लाजत होती. गोदाच्या माहेरासारखं 'न्हाई, व्हय' बोलते, असं शेजारी सांगतात. मला ते ऐकू येणार नाही. याचं वाईट वाटतं, आणि ते कमी होईल असं मला वाटत नाही.

उजेडही गेला. मी ओठ जितके चांगले वाचू लागलो तितके रंग फिके होत गेले. सर्वांत शेवटी राहिला तो कुसुमच्या "आबा"मधला लाल. एका सकाळी तोही नव्हता. वही मी जाळली नाही, बत्तीच्या खोलीत फळीवर ठेवली आहे. खोटी असली तरी माझी आहे.

एक गोष्ट राहिली. गोदा घरी कधीकधी पाठमोरी बोलते. चुलीपुढं बसलेली असते, आणि खांद्यांवरून मला समजतं की बोलते आहे. "काय म्हणालीस?" विचारलं की मान हलवते. काही नाही. दवाखान्यातल्या त्या सगळ्या महिन्यांत ती पदराआड काय काय बोलली असेल, त्यातलं मला एवढंच माहीत आहे जेवढं तिनं नंतर सांगितलं. विचारायला मी धजलो नव्हतो.

परवा संध्याकाळी तिचे खांदे असेच हलत होते. मी हातातलं फडकं खाली ठेवलं, उठलो, आणि चुलीच्या पलीकडं तिच्या समोर जाऊन बसलो. धूर डोळ्यांत जात होता. म्हटलं, "आता सांग."

तिनं चेहरा वर केला, आणि मला कळावं म्हणून एकेक शब्द सुटा करून म्हणाली, "दमले मी. तुमी पडून व्हता तवापासनं, लई दमले."

मी मान डोलावली नाही.

"दमलीस तू," मी म्हटलं. "मी पडून होतो तेव्हापासून. लई दमलीस."

"बरोबर," ती म्हणाली. आणि पिठाचा गोळा घेऊन भाकरी थापायला लागली, माझ्याकडं तोंड करूनच.